शाब्दिक गणित वाचलं की पहिला प्रश्न: रेघ की सारवण?

ताई, तुमचा प्रश्न वाचला. मुलगा सहावीत आहे, चौथीपर्यंत गावच्या मराठी शाळेत होता, आता बेळगावात इंग्लिश मीडियमला घातलाय, चौरसाची सूत्रं घडाघडा म्हणतोय, 'बाजू ९ तर क्षेत्रफळ किती' विचारलं की डोळे मिटून ८१ सांगतोय, पण तेच गणित चार ओळींचं झालं, त्यात बाग आली, कुंपण आलं, मीटरला इतके रुपये आलं की पेन्सिल चावत बसतोय आणि शेवटी तुम्हालाच विचारतोय, 'आई, ह्यात गुणू की बेरीज करू?'

खानापूर भागात ३१ वर्षं गणित शिकवलं मी, हा प्रश्न मला दरवर्षी निदान दहा पोरांनी विचारलाय, आणि पहिली काही वर्षं मी पण चुकीचंच उत्तर द्यायचो. म्हणजे काय, तर परत सूत्र सांगायचो. परिमिती बरोबर ४ गुणिले बाजू, क्षेत्रफळ बरोबर बाजू गुणिले बाजू, लिही दहा वेळा. पोरगं लिहायचं बिचारं. दुसऱ्या दिवशी परत तेच, 'गुरुजी, गुणू काय?' त्याला सूत्र येत होतंच की, कुठलं लावायचं ते येत नव्हतं, आणि ते सूत्रात लिहिलेलं नसतंय.

मला खरा धडा एका पोराच्या आजीनं दिला. त्यांच्या घरी गेलो होतो, म्हातारी अंगण सारवत होती, सारवून झालं आणि मग कडेनं चुन्याची पांढरी रेघ ओढत गेली चारी बाजूंनी. शेण अर्धी बादली संपलं होतं, चुना वाटीभर. तिथंच डोक्यात आलं की हेच आहे सगळं. दुसऱ्या दिवशी वर्गात फळ्यावर सूत्र लिहिलंच नाही, विचारलं फक्त, 'गणितातला माणूस काय करायलाय, रेघ ओढायलाय की सारवायलाय?' रेघ म्हणजे परिमिती, सारवण म्हणजे क्षेत्रफळ. तेव्हापासून आमच्या वर्गात प्रत्येक शाब्दिक गणिताला पहिला प्रश्न हाच, रेघ की सारवण. पोरं एकमेकांना पण तसंच विचारायची.

तुम्ही घरी एवढंच करा आधी. आठ दिवस उत्तर काढायला लावू नका, पुस्तकातली गणितं नुसती वाचायची आणि मुलानं म्हणायचं रेघ किंवा सारवण, बस्स. मैदानाला चार फेऱ्या मारल्या, रेघ. मैदानावर गवत लावलं, सारवण. रुमालाला लेस लावली, रेघ. रुमालाला कापड किती लागलं, सारवण. फोटोची फ्रेम रेघ, त्यावरची काच सारवण. शहापूर-वडगावकडं घरात माग असलेली पोरं मला एकदा भेटली होती एका शिबिरात, त्यांना तर मी म्हटलं साडीचा काठ आणि साडीचं अंग, लगेच कळलं, सांगावं पण लागलं नाही.

इथं एक धोका आहे तो आत्ताच सांगतो कारण हल्ली ट्यूशनवाले हेच शिकवायला लागलेत, की 'कुंपण' शब्द दिसला की परिमिती, 'फरशी' दिसली की क्षेत्रफळ. हे पाठ करायला लावू नका. पेपर काढणारा काय येडा नसतोय. 'तारेच्या कुंपणाच्या आतल्या चौरस जागेत भुईमूग पेरायचा आहे' असं लिहिलं की पाठ करणारं पोरगं कुंपण वाचून चारनं गुणून मोकळं. शब्द बघायचा नाही, काम बघायचं. पैसे कशाचे द्यायचेत, तारेचे की बियाणाचे?

तुमच्याकडं अजून एक भानगड आहे, भाषेची. मुलगा मराठीतनं परिमिती शिकला, आता पुस्तकात पेरिमीटर आणि एरिया, आणि गल्लीत कन्नड. पण ह्यात घाबरण्यासारखं काय नाही, उलट फायदा आहे. कन्नडमध्ये परिमितीला सुत्तळते म्हणतात. सुत्त म्हणजे सभोवती, अळते म्हणजे माप. झालं की, शब्दातच उत्तर आहे. आणि क्षेत्रफळाला विस्तीर्ण, जो शब्द आपण मराठीत पण पसरलेल्या मैदानासाठी वापरतोच. आपला 'परिमिती' पण तसाच, परि म्हणजे भोवती, मिती म्हणजे माप, पण तो संस्कृत असल्यामुळं पोरांना नुसता आवाज वाटतोय. माझ्या वर्गात कन्नड घरची दोन-तीन पोरं नेहमी असायची, त्यांना सुत्तळते म्हटलं की ती बोट गोल फिरवायची हवेत. आपल्या पोरांनी ते बघून शिकलं.

आता दुसरी पायरी, चित्र. चित्राशिवाय शाब्दिक गणित सोडवू द्यायचं नाही, अजिबात नाही. आणि चौरस काढला की माप चारी बाजूंवर लिहायचं, एकाच बाजूवर नाही. पोरं एका बाजूवर १२ लिहितात आणि बाकीच्या तीन बाजू विसरतात, मग १२ लाच परिमिती समजून दरानं गुणतात. चारीकडं लिहिलं की ती चूक आपोआप जाते.

एक पूर्ण गणित करून दाखवतो, घरचंच. १२ फूट बाजूची चौरस खोली. फरशी बसवायची, २ फूट बाय २ फूटची, दर चौरस फुटाला ४५ रुपये. आणि भिंतीच्या तळाला कडेनं पट्टी, गवंडी तिला स्कर्टिंग म्हणतात, ती फुटाला २० रुपये. दार ३ फूट रुंद. एकूण खर्च?

फरशी सारवण आहे. १२ × १२ म्हणजे १४४ चौरस फूट, ४५ नं गुणलं ६,४८० रुपये. पट्टी रेघ आहे. १२ × ४ म्हणजे ४८ फूट, पण दारात पट्टी लावत नाहीत, अडखळून पडाल, म्हणून ४८ वजा ३, ४५ फूट, गुणिले २० म्हणजे ९०० रुपये. एकूण ७,३८०. फरशा किती, तर एका फरशीचं क्षेत्रफळ ४ चौरस फूट, १४४ भागिले ४ म्हणजे ३६. किंवा सरळ, एका ओळीत ६ फरशा, अशा ६ ओळी. गवंडी दुसऱ्या रीतीनं मोजतोय आणि मला पण तीच आवडते, कारण त्यात पोराला खोली दिसते. माझ्या वर्गात एका गवंड्याचा पोरगा होता, पुस्तकातलं गणित म्हटलं की खाली मान, पण 'बाबाला ही खोली दिली तर किती फरशा आणेल' विचारलं की दहा सेकंदात उत्तर, वर आणि 'गुरुजी, दोन जास्त आणायच्या, फुटतात'. त्याला पुस्तकाचं उत्तर ३६ आणि बाबाचं ३८ हे दोन्ही बरोबर कसं, हे समजवायला मात्र मला अर्धा तास लागला.

आता ह्याच गणितात फरशी १६ इंचाची घाला, आणि मजा बघा. पोरगं १६ × १६ करून २५६ काढतंय, मग १४४ ला २५६ नं भागायला जातंय, उत्तर एकापेक्षा कमी येतंय, म्हणजे अख्ख्या खोलीला एक फरशी पण लागत नाही! असलं उत्तर आल्यावर पण पुढं लिहीत सुटतात, हे मला जास्त लागतं. १४४ हे चौरस फूट, २५६ हे चौरस इंच, दोघांची सोयरीकच नाही. आधी खोलीचीच बाजू इंचात करा, १२ फूट म्हणजे १४४ इंच, १४४ भागिले १६ म्हणजे एका ओळीत ९, नऊ नवे ८१ फरशा. बाजू बदलून घेतली की सगळं सोपं. क्षेत्रफळ बदलायला गेलं की पोरं हमखास १२ नंच गुणतात, पण एक चौरस फूट म्हणजे १२ नाही, १४४ चौरस इंच. तसंच एक चौरस मीटर म्हणजे १०० नाही, १०,००० चौरस सेंटीमीटर. हे तोंडी सांगून पटत नाही, जमिनीवर एक फुटाचा चौरस खडूनं काढा आणि त्यात इंचाच्या रेघा मारायला लावा, हात दुखायला लागला की कायमचं लक्षात राहतंय.

उलटं गणित आलं की अजून एक खड्डा. 'चौरस बागेचं क्षेत्रफळ १९६ चौरस मीटर आहे, तिच्याभोवती तारेचे ३ पदर घालायचे, तार किती लागेल?' निम्मा वर्ग १९६ ला ४ नं भागतो, ४९ लिहितो. का? कारण डोक्यात बसलंय की चौरस म्हणजे चार. पण चारनं भागायचं ते परिमितीला. क्षेत्रफळातनं बाजू काढायची तर कुठल्या संख्येला तिनंच गुणलं की १९६ येतंय ते शोधायचं, १४. सहावीत वर्गमूळ अजून झालं नसलं तरी चालतंय, १३ तेरे १६९, १४ चौदे १९६, असं चाचपडत जाऊ द्या. बाजू १४, एक पदर ५६ मीटर, तीन पदर १६८ मीटर. ह्या गणितात सारवण दिलंय आणि रेघ मागितलीय, आणि एकातनं दुसऱ्याकडं जायचा रस्ता बाजूवरनंच जातो. बाजू सापडली की गणित सुटल्यातच जमा, म्हणून चित्रात बाजूच्या जागी प्रश्नचिन्ह काढायला लावा.

आता आपल्याकडचा विषय, गुंठा. हे पुस्तकात नसतंय पण ह्याच्याइतकं चांगलं गणित मला दुसरं मिळालं नाही. गुंठा म्हणजे ३३ फूट बाय ३३ फूट, १,०८९ चौरस फूट, मुंबई इलाख्यातल्या मोजणीची साखळीच ३३ फुटी होती आणि आपला भाग १९५६ पर्यंत तिकडंच होता. ४० गुंठ्यांचा एकर, ४३,५६० चौरस फूट. मुलाला विचारा, एक गुंठ्याच्या चौरस जागेची बाजू ३३ फूट, तर दोन गुंठ्यांच्या चौरस जागेची किती? तो ६६ म्हणणार. तो काय, जागा विकत घेणारे मोठे लोक पण म्हणतात. ६६ × ६६ करून बघायला सांगा, ४,३५६ येतंय, म्हणजे चार गुंठे. दोन गुंठ्यांची बाजू साधारण ४६ फूट ८ इंच. कोणी तुम्हाला 'दोन गुंठे आहेत, ६६ फूट चौकोनी' म्हणून सांगितलं तर एकतर तो भला माणूस आहे किंवा त्याला गणित येत नाही.

ह्याच चुकीत मी स्वतः एकदा सापडलोय, गणिताचा मास्तर असून. पावसाळ्याच्या तोंडाला गवताच्या वळईवर घालायला ताडपत्री आणायला गेलो, खानापुरातला पाऊस तुम्हाला माहीत आहेच. आधीची १२ फुटी चौरस होती, ह्यावेळी वळई मोठी, म्हटलं २४ फुटी घेऊ, आणि मनात दुप्पट पैसे धरून गेलो. दुकानदारानं चौपट सांगितले. मी चढलोच त्याच्यावर! त्यानं शांतपणे चार १२ फुटी ताडपत्र्या दोन-दोन करून जमिनीवर अंथरून दाखवल्या, 'बघा गुरुजी, ही झाली तुमची २४ फुटी'. १४४ चे ५७६ चौरस फूट होतात की. मात्र कडेच्या रिंगा, दोरी ओवायच्या, त्या दर दोन फुटाला एक असतील तर ४८ फुटाला २४ आणि ९६ फुटाला ४८, म्हणजे फक्त दुप्पट. बाजू दुप्पट, रेघ दुप्पट, सारवण चौपट. बाजू तिप्पट तर सारवण नऊपट. पुढं टक्केवारीत हेच येतंय, बाजू १० टक्के वाढली तर क्षेत्रफळ २० नाही, २१ टक्के वाढतंय, १० च्या जागी ११ धरून १०० आणि १२१ बघा.

तारेचं गणित पण असंच फसवतंय. 'एका तारेचा १५ सेंटीमीटर बाजूचा चौरस केला, तीच तार सरळ करून १८ सेंटीमीटर लांबीचा आयत केला, क्षेत्रफळात फरक किती?' पोरांना वाटतंय तार तीच तर जागा पण तीच. तार ६० सेंटीमीटर, ती काय बदलत नाही. लांबी १८ तर रुंदी १२, क्षेत्रफळ २१६, चौरसाचं २२५, फरक ९. रेघ तीच राहिली, सारवण कमी झालं. बेळगावात प्लॉट म्हटलं की थर्टी-फॉर्टी, ३० बाय ४०, १,२०० चौरस फूट, कंपाउंड १४० फूट. तेवढ्याच कंपाउंडात चौरस जागा बसवली तर ३५ बाय ३५, १,२२५. पंचवीस चौरस फूट फुकट! (फुकट म्हणजे कंपाउंडच्या खर्चात, जागेचे पैसे द्यावेच लागतात.) आणि शेतात तर फरक डोळ्यात भरण्यासारखा आहे. एक एकर चौरस असेल तर बाजू २०९ फुटाला जराशी कमी, कुंपण साधारण ८३५ फूट. तोच एकर वाटण्या होऊन ६६ फूट रुंद आणि ६६० फूट लांब पट्टी झाला तर कुंपण १,४५२ फूट. क्षेत्रफळ एकच, उताऱ्यावर पण एकच आकडा, तार मात्र पावणेदोनपट. भावाभावांत वाटणी करताना हे कोण मोजत नाही.

खांबांचं गणित आलं की नीट बघा. १२ मीटर बाजूच्या चौरसाभोवती दर ३ मीटरला एक खांब, चारी कोपऱ्यांवर खांब हवेत. सरळ रस्त्याच्या कडेनं झाडं लावायची तर एक जास्त धरायचं हे पोरं शिकलेली असतात, म्हणून ४८ भागिले ३ म्हणजे १६ आणि एक १७ असं लिहितात. काही जण प्रत्येक बाजूवर ५ मोजून पाच चोक २० लिहितात. दोन्ही चूक. रेघ फिरून परत सुरुवातीच्या खांबाला मिळते, शेवटचा खांब म्हणजेच पहिला, म्हणून १६. वीसमधनं दोनदा मोजलेले चार कोपरे काढले तरी १६ च. काड्यापेटीतल्या काड्या मातीत रोवून करा, पाच मिनिटांचं काम.

आणि ज्याच्यावर मी सगळ्यात जास्त खडू झिजवला ते म्हणजे भोवतीचा रस्ता. '२० मीटर बाजूच्या चौरस बागेच्या बाहेरून सभोवती २ मीटर रुंद रस्ता आहे, रस्त्याचं क्षेत्रफळ काढा.' पहिली चूक, २० मध्ये २ मिळवून २२ करायचं. रस्ता डावीकडं पण आहे आणि उजवीकडं पण आहे, दोनदा मिळवायचं, २४. मग २४ × २४ म्हणजे ५७६, त्यातनं बागेचे ४०० वजा, १७६ चौरस मीटर. हुशार पोरं दुसरी वाट काढतात, म्हणतात चार बाजूंना चार पट्ट्या, प्रत्येक २० × २ म्हणजे ४०, एकूण १६०. हे उत्तर चूक म्हणून लाल रेघ मारू नका लगेच! त्याला म्हणा ह्या चार पट्ट्या रंगव चित्रात. रंगवली की त्यालाच चार कोपरे कोरे राहिलेले दिसतात, प्रत्येक २ × २, चार कोपऱ्यांचे १६, आणि १६० अधिक १६ म्हणजे १७६. दोन वाटांनी एकच उत्तर आलं की पोराच्या तोंडावर जे येतंय ना, त्यासाठी मी नोकरी केली असं समजा. रस्ता आतून असेल तर दोनदा वजा, बाकी सगळं तेच. बाहेरून की आतून हा शब्द मात्र पोरं गाळून वाचतात, त्याखाली पेन्सिलनं रेघ मारायला लावा.

४ सेंटीमीटर बाजूच्या चौरसाचं लहान पोरांना भारी कौतुक, परिमिती पण १६ आणि क्षेत्रफळ पण १६, 'गुरुजी, दोन्ही एकच झालं!' आकडा एक आहे हो, पण एक सोळा दोरीचा आणि एक सोळा चादरीचा. सोळा मीटर दोरी पांघरून झोप म्हणावं. एकक न लिहिणाऱ्याला मी अर्धा मार्क कापायचो ते ह्याच्यासाठी.

शेवटी एक गणित देतो, जेवण झाल्यावर मुलाला घाला, कागद-कात्री देऊन. १० सेंटीमीटर बाजूचा चौरस कागद, त्याच्या एका कोपऱ्यातनं २ सेंटीमीटरचा चौरस तुकडा कापून टाकला. आता क्षेत्रफळ किती आणि परिमिती किती? क्षेत्रफळ ९६ तो सांगेल. परिमिती कमी झाली म्हणेल, सगळेच म्हणतात. बोट कडेनं फिरवायला सांगा, कोपऱ्यातले दोन तुकडे गेले आणि आत तेवढेच दोन नवे आले, म्हणजे ४० ची ४० च. मग दुसरा कागद घ्या आणि तोच तुकडा कोपऱ्याऐवजी बाजूच्या मधनं कापा, आणि उत्तर ४४ कसं आलं ते त्यालाच तुम्हाला समजावू द्या.